सरदाराची किल्ली

"आता काय दाबू?" थोरलीनं विचारलं.

"तुला वाटेल ते," धाकटी म्हणाली.

खेळ धाकटीनं लिहिला होता. पडद्यावर चित्रं येतात, खाली संवाद उमटतात आणि मधूनमधून पुढं काय करायचं ते खेळणाऱ्यानं निवडायचं. सोमवारी तो लोकांच्या हातात पडणार होता, म्हणून तिनं थोरल्या बहिणीला मुद्दाम ऑफिसात बोलावून घेतलं होतं. लहानपणी बाबा धाकटीला दुपारभर अडगळीच्या खोलीत कोंडायचे, तेव्हा थोरली घरातच असायची. त्यावर दोघी बहिणी बावीस वर्षांत चकार शब्द बोलल्या नव्हत्या. आज ताई उठून गेली तर कायमचीच जाईल, या भीतीनं धाकटीला रात्रभर झोप नव्हती. पण तिला न दाखवता खेळ बाहेर काढायचीही हिंमत होत नव्हती.

पडद्यावर तळघराचं दार होतं. राजानं कोंडलेली राजकन्या आतून दारावर थापा मारत होती. बाहेर सरदार उभा. रुंद खांदे, चकचकीत चिलखत, कमरेला किल्ली. गोष्टीतले सरदार अशा वेळी दार फोडून मोकळे होतात. हे महाशय मात्र आपल्या बुटांकडे बघत उभे होते. खाली दोन चौकटी आल्या: 'दार उघड' आणि 'निघून जा'.

थोरलीनं माऊस धरला. बाण पहिल्या चौकटीपर्यंत गेला, तिथून मागं आला.

"राजा वरच आहे ना? त्याला कुलपाचा आवाज जाईल," ती पुटपुटली.

धाकटीनं टेबलाची कड घट्ट धरली.

थापा हळू होत गेल्या, मग थांबल्या. चौकटी पुसल्या गेल्या. काळ्या पडद्यावर एवढंच आलं: 'सरदार गप्प राहिला.'

"अगं, हे काय? मी तर काहीच केलं नाही!" थोरलीचा आवाज चढला होता.

शेजारच्या टेबलावरचा प्रोग्रॅमर खुर्चीसकट घरंगळत आला. माणूस भला, पण कुठं तोंड उघडू नये हे त्याला आजवर कळलेलं नव्हतं.

"तुमचं काही चुकलं नाही हो. सगळ्यांचं असंच होतं. दहा सेकंदांत काही निवडलं नाही, तर गप्प बसलात असं धरलं जातं." मग तो धाकटीकडे वळला. "मी म्हणत होतोच, दहा कमी पडतात. तीस करू का?"

धाकटी ताईच्या हाताकडे बघत राहिली.

थोरलीनं माऊसवरचा हात काढून मांडीवर ठेवला. आल्यापासून पहिल्यांदाच तिनं बहिणीकडे सरळ पाहिलं.

"नका करू," ती म्हणाली. "मला अख्खी दुपार मिळाली होती."