जमिनीचं बटण

"कुमुद, जमीन काढ गं," पलंगावरून हे म्हणाले.

मी लॅपटॉपचं बटण दाबलं. पडद्यावरची झाडं, टेकड्या गेल्या आणि पायाखालीही तारे आले. आकाश दाखवणारं फुकटचं सॉफ्टवेअर आहे, लेकीने बसवून दिलेलं. पक्षाघातानंतर ह्यांची दुर्बीण माळ्यावर गेली, तेव्हापासून आमची भटकंती अशीच. मी शनी जवळ आणला. कडी दिसताच हे वाकड्या ओठांनी खुदकन हसले.

मग ह्यांची नजर वर पंख्याकडे गेली. "आता हे छत काढ."

छताच्या वरच गच्ची. तिथेच ह्यांनी अख्ख्या सोसायटीला शनी दाखवला होता. पण जिना अरुंद, चाकाची खुर्ची वळत नाही, आणि माझ्याच्याने ह्यांना उचलवत नाही.

मी उगाच तेच बटण पुन्हा दाबलं.

पडद्यावर जमीन परत आली.