बदली खेळाडू

आमचा दादा म्हणजे अर्क. जुन्या जपानी फुटबॉल गेमचं मराठी भाषांतर त्याने एकट्याने केलं, तेही आगाऊपणा करत. गोल खाल्ला की त्यातला गोलकीपर स्वतःच्याच खेळाडूंवर खेकसतो, "डोळे आहेत की बटणं?" दादा तापाने गेला, तेव्हापासून आई त्याच्या खोलीत फिरकली नव्हती. आज ती थेट भंगारवाल्याला घेऊनच आली. "टीव्ही, गेम, सगळं उचला." "एवढी मॅच संपू दे ना," गेम खेळता खेळताच मी म्हटलं. पडद्यावर बदली खेळाडू मैदानात उतरला आणि त्याच्या डोक्यावर दादाचं वाक्य उमटलं: "आलो गं आई, दोनच मिनिटं." जेवायला हाक मारली की तो हेच म्हणायचा. आईने ते वाचलं. "याला बाहेर काढून परत बोलव." "बाहेर गेलेला परत येत नाही गं, नियमच आहे." आई शेजारी बसली. "मग मॅच पहिल्यापासून लाव."