ठसका

"टाक अजून," शालिकराम भगत म्हणाला, अन् आशाबाईनं लाल मिरच्यायची मूठ घमेल्यातल्या निखाऱ्यावर सोडली.

दाराले कडी. खिडकीले गोधडी. धूर बाहेर नाही जावा म्हणून भर दुपारी खोलीत अंधार केला होता. मधात मैनाबाई गुडघ्यावर बसवलेली. आशाबाईच्या पोरानं, गजेंद्रनं, तिचे हात पाठीमागं पिरगाळून धरले होते अन् मान घमेल्यावर दाबली होती. हाच गजेंद्र बाजाराच्या दिवशी तिले गाडीवर बसवून नांदगावले नेऊन सोडे. "चाल मावशे, पाय नको तोडू," म्हणे.

साऱ्यायचे मोबाईल शालिकरामनं आधीच पिठाच्या डब्यात ठेवाले लावले होते. "कायदा झाला आहे याचा," तो म्हणाला. "भूत कायद्याले भेत नाही. मी भेतो."

कोपऱ्यात गजेंद्रची बायको प्रणाली पोट्ट्याले मांडीवर घेऊन बसली होती. पोट्टं अजून रांगतं. छाती गच्च भरलेली, खोकून खोकून जांभळं पडे. अमरावतीच्या डॉक्टरनं भरती करा म्हटलं होतं. शालिकराम म्हणाला, आधी करणी काढा, मंग औषध लागू पडंल. करणी कोणाची, ते आशाबाईले लगेच आठवलं. मैनाबाई दारातून जाता जाता बोलली होती, "कसा लोण्याच्या गोळ्यावानी झाला वं तुह्या नातू!"

परीक्षा सोपी होती. मिरचीच्या धुरानं माणसाले ठसका येते, चेटकिणीले येत नाही. ठसका आला तर मैनाबाई माणूस. नाही आला, तर पोट्ट्याले सोडेपर्यंत मार.

आता मैनाबाईचा सारा जनम मिरची कांडण्यात गेला होता. आधी उखळात, मंग कांडपाच्या मशीनवर. या घरचं तिखट तिच्या हातचं, शालिकरामच्या घरचंही तिच्याच. नाक तिचं कवाच मरून गेलं होतं. लोकं नाकाले रुमाल बांधून तिखट न्याले येत अन् हसत, "काहून वं मैनाबाई, नाक गहाण ठेवलं का?" हे गावात कोणाले ठाऊक नव्हतं असं नाही. पण दाराले कडी लागली की माणसाले काही आठवत नाही.

खोलीतले सारेच खोकून राहिले होते. शालिकरामचा मंत्र अर्धा तोंडात, अर्धा पोटात. आशाबाईनं पदराचा बोळा तोंडात कोंबला होता. गजेंद्रच्या नाकातलं पाणी मैनाबाईच्या मानेवर टपकत होतं. गप होती ती एकटी मैनाबाई.

खोक वं बुढे, ती सोताले म्हणत होती. खोक ना. तिनं घसा खरवडला. ओढून ताणून दोनदा खोकली.

"नाटक करून राहिली," शालिकराम म्हणाला. "डोये पाहा तिचे. आहे का पाण्याचा थेंब?"

"बुवा, म्या जिंदगीभर मिरची कांडली. तुमाले ठाऊक आहे. मले..."

आशाबाईनं पायातली चप्पल काढून तिच्या तोंडावर हाणली. अन् राहिल्या होत्या तेवढ्या साऱ्या मिरच्या निखाऱ्यावर ओतल्या.

धूर असा दाटला की डोये उघडता येईना. साऱ्यायनं डोये गच्च मिटले. मैनाबाईचे उघडे होते, कोरडे ठणठणीत. त्या खोलीत पाहू शकणारं माणूस ती एकटीच. गजेंद्रची पकड ढिली पडली, तिनं मान वर केली अन् कोपऱ्यात पाहिलं.

पोट्ट्याचं तोंड उघडं होतं. एक हात मांडीवरून खाली लोंबत होता.

"पोरगं खोकून नाही राहिलं," ती म्हणाली.

साऱ्यायनं कान दिला. खरंच. आवाज बंद.

"उतरली!" शालिकराम ओरडला. "तिच्याच तोंडून वदवलं देवानं! सोडलं तिनं पोराले. गजेंद्र, सोड तिले, आता बोट लावू नको."

गजेंद्रनं हात सोडले. दार जवळच होतं. कडी काढून मैनाबाई घरी गेली असती तर कोणी अडवलं नसतं. ती दाराकडं गेली नाही. रांगत कोपऱ्यात गेली.

"प्रणाली, बाहेर ने त्याले माय. उजेडात ने. श्वास पाह्य त्याचा."

"पुन्हा नजर लावते का वं!" गजेंद्रनं तिचे केस धरले अन् फरफटत मांग ओढलं.

प्रणालीचे डोये अजून उघडत नव्हते. तिनं चाचपडत पोट्ट्याले छातीशी घेतलं, पाठीवर थोपटलं, अन् कितीक दिवसानं हसली.

"हळू बोला न जी," ती म्हणाली. "आत्ताच निजला तो."