न शिवलेलं पान

कावळा काही पानाला शिवेना. गच्चीवर एकटीच उभी असलेली कुमुद हात जोडून म्हणाली, "बाबा, धाकटीचं लग्न मी लावून देईन. घास घ्या ना!"

नसलेल्या माणसांचे आवाज ऐकू येण्याच्या आजारावर बसवलेला मनगटावरचा औषधपट्टा थरथरून बोलला, "समोर माणूस नसताना बोललात. भास समजून औषधाची मात्रा पुन्हा वाढवली आहे."

कुमुदने मनगटाकडे पाहिलं. बाबांना विनवण्याच्या भरात ती पट्टा विसरूनच गेली होती. आता जीभ जड झाली होती, मान आपोआप एका बाजूला वळत होती. पट्टा डॉक्टरांशिवाय निघणार नव्हता.

जिन्यातून भावाने विचारलं, "ताई, शिवला का गं कावळा? वर येऊ?"

तो दिसत नव्हता. 'ये' म्हणायला उघडलेलं तोंड कुमुदने हाताने घट्ट दाबून धरलं.

पावलं खाली उतरत गेली.