चार साड्या

"काका, मळी गई! पप्पांच्या पिक्चरची कॅसेट मिळाली!" जयश्री दारातूनच ओरडली, तसा भटूचा अर्धा चहा बशीत सांडला.

सुरतेच्या पांडेसऱ्यातल्या एकूणएक व्हिडिओवाल्याला त्यानं पढवून ठेवलं होतं, पोरगी आली तर 'नाही' म्हणायचं. नेमका पलीकडच्या भेस्तानचा राहिला.

जयश्रीचा बाप धुडकू तमाशातला नाच्या. साडी नेसून उभा राहिला की खऱ्या बायका पदर सावरायच्या. लहानपणी गाडीचं चाक डाव्या पायावरून गेलेलं, त्यामुळे ठेका अर्धी मात्रा मागे पडायचा. पब्लिक त्या पायावरच शिट्ट्या मारायची. भटू त्याच फडात नाचायचा. त्याच्यावर कुणी शिट्टी मारली नाही.

सहा वर्षांपूर्वी कडोदऱ्याच्या पुढं भुताच्या पिक्चरचं शूटिंग लागलं. विहिरीभोवती नाचायला पाच जण पाठवा, अशी चिठ्ठी भटूच्या हाती आली. ती त्यानं खिशात घातली. "चौघंच मागवलेत रे," धुडकूला म्हणाला. भटू धरून चौघं गेले. चार साड्या, चार जोड चाळ, तोंडावर हातभर घुंघट.

पाच मागवल्याचं धुडकूला मागून कळलं. तो धावत निघाला आणि कडोदऱ्याच्या चौकातच ट्रकखाली सापडून मेला.

"नाचून परत येत होता, वहिनी. काय नाचला!" भटूनं थाप ठोकली. त्या थापेवर धुडकूच्या बायकोनं, सरलाबाईनं, सहा वर्षं काढली. कामाला जायची त्या कारखानाभर सांगत सुटली, मना माणूस पिक्चरमा शे. भटूला भाऊ मानलं, भाऊबीजेला ओवाळू लागली. सुरतेत त्याला घर म्हणावं असं हे एकच. पिक्चर तीन दिवसांत उतरला, भटूनंही पाहिला नव्हता. मेहेरबानीच झाली.

आणि आता भाड्याचा व्हीसीआर खोलीत घरघरत होता. सुट्टीची दुपार, गल्लीतल्या बाया दाटीवाटीनं बसलेल्या. विहीर आली. भटूनं मान बशीत घातली.

"सरले, सगळ्यांची तोंडं झाकलेली!" प्रमिलाबाई खिदळली. "यातला तुझा कोणता, कसं गं सांगशील?"

घुंघट! भटूच्या जिवात जीव आला. कुठंही बोट दाखवलं तरी चालणार होतं.

"हाऊ दख ना!" सरलाबाईचा आवाज भरून आला. "मना माणूस. डावा पाय दख, कसा मांगे पडस."

"तोच, वहिनी," भटू चहा फुरकत म्हणाला. "त्याच्या शेजारी मीच."

"हां ने, काका," जयश्री टीव्हीच्या काचेवर बोट टेकवून मोजत होती. "तुम्ही चौथे, पप्पा पाचवे."

भटूची मान वर झाली.

विहिरीभोवती पाच पांढऱ्या साड्या फेर धरून नाचत होत्या.