सात आठे चोपन्न

“चूक,” टॅबलेट म्हणाला. आवाज मृणालचाच होता, तिनेच भरलेला. पडद्यावर आंबा होता आणि भास्कर सरांच्या तोंडून आंबा काही निघत नव्हता.

आठ महिन्यांपूर्वी सरांना पक्षाघाताचा झटका आला आणि वाचा गेली. सिल्वासाच्या मराठी शाळेत तीस वर्षं गणित शिकवलेला माणूस! आणि लेक मृणाल कोण, तर मेंदू शिकतो कसा याची गणितं संगणकावर मांडणारी, बंगळुरूची शास्त्रज्ञ. मेंदू चुकांतूनच शिकतो, यावर तिचं नाव झालेलं. वाचा परतायला झटक्यानंतरचे पहिले तीन महिने सोन्याचे, हे तिच्याइतकं कोणाला ठाऊक? तरी तेव्हा ती फोनवर म्हणाली होती, “बाबा, सुट्टी मंजूर झालीय. फक्त हा पेपर संपवते आणि येते.” घरकाम करणाऱ्या तानूबाईने फोन सरांच्या कानाशी धरला होता. पेपर छापून आला, मग बाईसाहेब आल्या. वरातीमागून घोडं.

नऊ दिवस झाले. सर तिच्याशी एक अक्षर बोलले नव्हते. आज वापीहून तिची परतीची गाडी होती. जाण्याआधी बाबांनी एकच शब्द बोलावा, बस्स. तिने हताश होऊन टॅबलेट बंद केला आणि बॅगेत टाकला.

स्वयंपाकघरात तानूबाई भाकरी थापता थापता पाढा म्हणू लागली. खेरडीच्या या बाईला सरांनीच पन्नाशीत पाढे शिकवले होते.

“सात साती एकोणपन्नास, सात आठे चोपन्न...”

“छप्पन्न!”

मृणाल दचकली. सर बोलले होते. चिडून, खणखणीत.

“मी चुकली की सरांना राहवत नाय, ताई,” तानूबाई हसत म्हणाली. “तुमचा अभ्यास चालायचा म्हणून इतके दिवस मी गप बसली. तुम्ही तर कधी चुकतच नाय. मग ते बोलतील काय?”

मृणालच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. शाळेत कायम शंभरपैकी शंभर. बाबांना तिने चुका सुधारायची संधी दिली होती कुठे? ती त्यांच्या खुर्चीपाशी बसली.

“बाबा, सात आठे चोपन्न.”

सर नुसते हसले. लेकीला पाढे येतात, हे त्यांना पक्कं माहीत होतं.

बाहेर रिक्षावाला हॉर्न वाजवू लागला. मृणाल पाया पडली. आठ महिने मनाला खात असलेलं अखेर ओठांवर आलं, पण येताना वेगळंच होऊन आलं.

“बाबा, मी तेव्हाच येणार होते हो. पण सुट्टीच मिळाली नाही.”

सरांनी मान वर केली. तानूबाई पिठाचे हात घेऊन दारात आली. मृणाल त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली.

“चूक,” सर म्हणाले.