जोडीचा माणूस

ओनेसिम थेरियो बर्फावर आडवा झाला आणि उठेना.

बर्फावरच्या हॉकीचा हंगामातला शेवटचा सामना. चार-चार गोल झालेले. जिंकेल त्याच्या गावात चषक जाणार, आणि हरणाऱ्या कॅप्टनला उद्या तांब्याच्या खाणीत उतरवणाऱ्या पाळण्यात सगळ्या माणसांच्या नजरा झेलाव्या लागणार.

लाल सदऱ्यांचा कॅप्टन मर्डो गिलिस स्केट्सवर घसरत येऊन त्याच्यापाशी थांबला. त्याने ओनेसिमच्या पायाकडे पाहिलंच नाही. तोंडाकडे पाहिलं.

"मर्डो, पाय गेला."

"गेला की विकलास?"

ओनेसिम गेल्या हिवाळ्यात हिरव्यांकडून खेळायचा. यंदा लालवाल्यांनी जास्त पगार दिला म्हणून इकडे आला. पैसे घेऊन हॉकी खेळायची ही लीग निघाल्यापासून सगळेच पैसे घेत, मर्डोही घ्यायचा. पण आपण घेतो ती मजुरी आणि दुसरा घेतो ती लाच, हे त्या गावात कुणाला शिकवावं लागत नव्हतं.

तेवढ्यात हिरव्यांचा कॅप्टन कूगन काठी आपटत आला. "ढोंग आहे! हा लंगडत बाहेर जाणार, आणि जोडीला मी माझा चांगला माणूस काढायचा? मी काय दूधखुळा आहे?"

नियम तसाच होता. बदली खेळाडू नसत. सातातला एक जायबंदी होऊन गेला की समोरच्यानेही आपला एक काढायचा. सहाला सहा. नियम सभ्य माणसांनी केला होता. खेळत होते ते दुसरेच.

लालवाल्यांना वाटत होतं, हा हिरव्यांना विकला गेलाय. हिरव्यांना वाटत होतं, हा लालसाठी नाटक करतोय. एकच पाय, दोन्हीकडून खोटा. हंगामभर एकमेकांचे दात पाडलेले दोन कॅप्टन पहिल्यांदा एकमताचे झाले.

"कूगन," हिरव्यांमधला पेनहॅलो पुढे आला. त्याचीच काठी ओनेसिमच्या पायाला लागली होती. "मी ऐकलंय रे. काडकन वाजलं. खरंच मोडलाय."

"थोबाड बंद ठेव! कुणाचं खातोस, माझं की याचं?"

पेनहॅलो मागे सरला. पण मर्डोच्या डोक्यात किडा वळवळला. स्वतःच्या संघाचं नुकसान करून हिरव्यांचा माणूस आपल्या माणसासाठी का बोलतो? फुकट कोण कुणासाठी बोलतं?

मैदानाभोवतीच्या फळ्यांच्या पलीकडून गाव बोंबलत होतं. "ए बेडका, ऊठ!" "तळ्यात सोडा रे त्याला, तिथे बरोबर उडी मारेल!" फ्रेंच बोलणाऱ्या माणसाला तिथे दुसरं नाव नव्हतं. चांगला खेळला तर आमचा बेडूक, एवढाच फरक.

रेफरीने हातातली घंटा वाजवली. "उभा राहतोस की जातोस? गेलास तर दोन्हीकडचा एकेक जाईल."

ओनेसिमने मान वर केली. "तू सांग, कॅप्टन. जाऊ?"

"मला काय विचारतोस? तुझ्या मालकांना विचार, तिकडे हिरव्यात उभे आहेत."

 ओनेसिमने काठी बर्फात रोवली, चांगल्या पायावर सगळा भार घेतला आणि उभा राहिला.

"उठला! उठला!" सगळं गाव नाचायला लागलं. "म्हटलं नव्हतं, ढोंगी आहे!" पडून राहिला तर विकलेला, उठला तर सोंगाड्या. तिसरी जागा त्याच्यासाठी ठेवलीच नव्हती.

खेळ सुरू झाला. थोड्याच वेळात पक, ती रबरी चकती, त्याच्या डाव्या अंगाने गेली. तो नुसता वळला असता तरी काठी पोचली असती. तो वळला नाही. पाच-चार. शेवटची घंटा झाली आणि चषक हिरव्यांकडे गेला.

कपडे बदलायच्या खोलीत बाकीचे त्याच्या पुढ्यात थुंकून निघून गेले. ओनेसिमचा डावा बूट निघेना. मर्डोने चाकू काढला. त्याला बूट कापायचा होता की तोंडावर खोटं पकडायचं होतं, त्याचं त्यालाच ठाऊक. आधी नाड्या कापल्या, मग चामडं. आत घोट्याच्या वर पाय काळानिळा फुगला होता आणि कातडीखालून हाडाचं टोक वर आलं होतं.

मर्डोच्या हातातला चाकू तसाच राहिला.

"बोललास का नाही?"

"बोललो होतो."

दोन खाणकामगारांनी त्याला उचलून डॉक्टरकडे न्यायला बाहेर घोड्यांच्या स्लेजमध्ये, बर्फावरच्या बिनचाकी गाडीत ठेवलं. खोली रिकामी झाली तेव्हा मर्डोला खुंटीवर ओनेसिमचा कोट दिसला. बाहेर सरोवरावरून येणारा वारा कान कापत होता. मर्डोने कोट ओढला आणि धावत सुटला. जन्मात कुणाची माफी मागितली नव्हती. धावता धावता तो शब्द जुळवत होता.

स्लेजमध्ये ओनेसिमच्या शेजारी पेनहॅलो बसला होता. अंगात अजून हिरवा सदरा. मोडका पाय स्वतःच्या मांडीवर घेऊन, धक्का लागू नये म्हणून दोन्ही हातांनी धरलेला.

मर्डोला बघून तो ओशाळं हसला. "एक गेला की जोडीला एक जातो ना, कॅप्टन. तिथे जाऊ दिलं नाही, म्हणून आता."

मर्डोने हिरव्या सदऱ्याकडे पाहिलं. पायाकडे पाहिलं. पुन्हा सदऱ्याकडे.

"अस्सं," तो म्हणाला.

"कोट आणलास?" ओनेसिमने हात पुढे केला. त्याचे दात वाजत होते.

घोडे निघाले. मर्डो कोट छातीशी धरून परत आत आला, दार लावून घेतलं, आणि कोटाचे खिसे चाचपू लागला.